ओठ न मिटणारी भाषा

प्राध्यापिकाबाईंनी टीपॉयवरची दातांच्या निगेची पत्रकं बाजूला सारली, आपला भलामोठा तक्ता तिथे पसरला आणि तो गुंडाळून येऊ नये म्हणून चारी कोपऱ्यांवर हाताला लागेल ते ठेवलं. चष्म्याचं घर, पाण्याचा पेला, बिस्किटांची बशी आणि दवाखान्यातला प्लास्टरचा जबडा.

"तुमच्या कादंबरीतल्या गिरिजनांना," त्या म्हणाल्या, "ओठ मिटता येत नाहीत."

कादंबरीकाराने चहाचा कप खाली ठेवला.

"म्हणजे?"

"म्हणजे प, फ, ब, भ, म. संपूर्ण भाषेत एकही नाही. सगळे खंड चाळणीने चाळले मी. व सुद्धा नाही. उ, ऊ, ओ नाही. ओठांचा चंबू करावा लागेल असा एक स्वर सापडेल तर शपथ. आणि अनुस्वारांचा नुसता पाऊस. एवढी शिस्त, आणि तुम्ही कुठे एका ओळीने तिचा उल्लेख केलेला नाही!"

"नाही केला खरा," कादंबरीकार म्हणाला. त्याला स्वतःलाच ती शिस्त आत्ता कळत होती.

"कारण मी सांगते. डोंगरावर हवा विरळ. श्वास पुरत नाही. म्हणून हे लोक पिढ्यान्‌पिढ्या तोंड उघडं ठेवूनच बोलतात. बरोबर?"

"तोंड उघडं ठेवून बोलतात, हे अगदी बरोबर आहे," कादंबरीकार म्हणाला. निदान एवढं तरी खरं बोलता आलं याचं त्याला समाधान वाटलं.

प्रकाशकाने हे लचांड त्याच्या गळ्यात मारलं होतं. शेवटच्या खंडासोबत गिरिभाषेचा कोश काढायचा, प्रत्येक शब्दाचं मूळ द्यायचं, आणि त्यासाठी भाषाशास्त्राच्या एक प्राध्यापिका घरी येतील, त्यांना सहकार्य करावं. वर बैठकीच्या खोलीत आवराआवरीच्या खोक्यांनी पाय ठेवायला जागा नव्हती, म्हणून त्याने त्यांना खाली, बायकोच्या दवाखान्यातल्या पेशंट बसायच्या खोलीत बसवलं होतं. चोराने पोलिसाला चोरीच्या जागीच चहाला बोलवावं, तसा हा प्रकार झाला होता.

कारण गिरिभाषेचं मूळ तिथून हाताच्या अंतरावर होतं. काचेच्या दाराआड, दिव्याखाली, हिरव्या रेक्झिनची एक जुनी खुर्ची.

पहिला खंड लिहायला घेतला तेव्हा वरच्या घरात रंगकाम चाललं होतं. वासाने डोकं दुखायला लागलं म्हणून कादंबरीकार आपला बाडबिस्तरा घेऊन दवाखान्यामागच्या अडगळीच्या खोलीत येऊन बसला. त्या खोलीत आणि बायकोच्या खुर्चीत एका प्लायवुडच्या भिंतीचंच अंतर. डोंगरच्या राजाचं नाव काही केल्या सुचत नव्हतं. स्वतः घडवलेलं प्रत्येक नाव सर्दीच्या औषधाचं वाटत होतं. इतक्यात पलीकडे एका ठेकेदाराची अक्कलदाढ हलली आणि तोंडात कापूस, अवजारं आणि बायकोची दोन बोटं असताना तो माणूस कळवळून ओरडला, "आँघाऽर!"

राजाचं नाव आँघार पडलं. पुढे एका वाचकाने ते दंडावर गोंदवून घेतलं. ठेकेदाराला आपल्या अक्कलदाढेचा असा सन्मान झाल्याचं आजवर माहीत नाही.

रंगकाम संपलं, पण कादंबरीकार वर गेला नाही. 'इथे एकाग्रता होते,' असं त्याने बायकोला सांगितलं. मेव्हणा त्याला 'राक्षसवाले भाऊजी' म्हणायचा, आणि आडून असंही म्हणायचा की भाऊजी ताईच्या जिवावर पुस्तकं लिहितात. कादंबरीकार ते हसण्यावारी न्यायचा, पण मेव्हण्याला वाटत होतं त्याहून ते फारच खरं होतं. हिमकडा कोसळणे म्हणजे 'खाँरिआ', तो शब्द एका शिंपिणीच्या वरच्या दाढेचा. 'हाँस्तेहा' म्हणजे रक्ताची शपथ. ती बँकेतल्या एका साहेबांनी हिरडीची सफाई चालू असताना दिली होती.

हे सगळं बायकोला सांगायची त्याची छाती नव्हती. दवाखान्याच्या बाबतीत ती भारी कडक. एकदा संध्याकाळी दवाखाना आवरताना तिच्या मदतनीस बाईने एका पेशंटच्या ओरडण्याची नक्कल केली, तर बायकोने तिला तिथल्या तिथे सुनावलं होतं. "माझ्या खुर्चीत माणूस तोंड उघडून बसतो ते विश्वासाने बसतो. त्याचं हसं करायचं असेल तर दुसरीकडे नोकरी बघ." कादंबरीकाराने ते भिंतीपलीकडून ऐकलं होतं.

"आणखी एक गंमत आहे," प्राध्यापिकाबाईंनी तक्त्यावर बोट ठेवलं. "पहिल्या खंडात शब्द कसे, येतील तसे. ओरडणं, कण्हणं, युद्धाच्या आरोळ्या. पण दुसऱ्या खंडापासून भाषा एकदम समंजस होते. बर्फात वाट चुकलेल्याची हाक, मेलेल्या घोड्यासाठीचा शोक, रुसलेल्या मुलीची समजूत. प्रसंगाला जो हवा तो शब्द नेमका हजर. हे कसं साधलंत?"

"ते... आपोआपच जमत गेलं," कादंबरीकार म्हणाला. हेही खरंच होतं. दुसऱ्या खंडापासून पेशंट त्याला हवं तेच बोलायला लागले होते, आणि सरस्वती प्रसन्न झाली असं समजून त्याने फारशी चौकशी केली नव्हती. धर्माच्या गायीचे दात कशाला मोजा?

"मग शेवटचा शब्द कधी देताय? प्रकाशक म्हणाले, तेवढाच अडलाय."

कादंबरीकाराने चहाचा घोट घेतला. तो गार झाला होता.

तेवढाच अडला होता, हे खरं. शेवटच्या प्रकरणात डोंगरची राणी कायमची वर, हिमाच्या पलीकडे निघते. तिचा नवरा, पायथ्याचा तळवासी राजा, खालीच राहणार. दोघांनी आयुष्य एकत्र काढलेलं, पण आता पुन्हा भेट नाही. उंबऱ्यापाशी ती वळते आणि आपल्या भाषेत त्याला काही सांगते. काय सांगते, तिथे कोरी जागा होती. गेले कित्येक दिवस तो पानं टेबलावर पसरून त्या जागेकडे बघत होता. सकाळी येऊन पाहावं तर पानं नीट जुळवून ठेवलेली असायची, कारण बायको रात्री दवाखाना पुसताना त्याचं टेबलही पुसून घ्यायची. "मला बाई तुमच्या राजे-राक्षसांतलं काही कळत नाही," म्हणायची, पण पानांचा क्रम कधी चुकवायची नाही.

आणि आता दिवसच उरले नव्हते. बायकोचं मनगट दुखायला लागलं होतं. तिने एक दिवस जेवताना शांतपणे सांगितलं, "दवाखाना बंद करते आहे." "अगं, अजून दोन-चार वर्षं कर की," कादंबरीकार बोलून गेला. बायकोने डाव्या हाताने त्याला भात वाढला. बायकोच्या दुखऱ्या मनगटापुढे आपल्याला एका शब्दाची पडली आहे, हे जाणवून तो इतका शरमला की त्याने उरलेलं जेवण मान वर न करता संपवलं.

आज दवाखान्याचा शेवटचा दिवस होता. दात कोरायचं अवजार चालवणारं हवेचं यंत्र, ज्याची घरघर सकाळपासून संध्याकाळपर्यंत चालायची, ते सकाळीच कुणीतरी विकत घेऊन गेलं होतं. खुर्ची उद्या जाणार होती. पेशंट संपले होते. सकाळी वरून उतरताना बायको रोजच्यासारखं एकच वाक्य बोलली होती, "जेवण झाकून ठेवलंय," आणि खाली येऊन अवजारं खोक्यात भरायला लागली होती. घरात ती मोजकंच बोलायची. पेशंट मात्र म्हणायचे, डॉक्टरीणबाईंचा हात हलका, पण एकदा का तोंडात कापूस कोंबला की त्यांना अशा गप्पा सुचतात म्हणता! कादंबरीकाराला ही पेशंटांची अतिशयोक्ती वाटे. यंत्राच्या घरघरीत त्याला तिचा मास्कमागचा आवाज कधी ऐकू आलाच नव्हता. ऐकू यायचं ते फक्त घाबरलेल्या पेशंटांचं ओरडणं.

"बिस्किट घ्या ना," विषय बदलावा म्हणून तो म्हणाला.

प्राध्यापिकाबाईंनी बिस्किट घेतलं. या घरची बिस्किटं दगडासारखी असत. मेव्हणा म्हणायचा, ताईने धंद्यासाठीच ही जात शोधून काढली आहे. प्राध्यापिकाबाईंनी ते चहात न बुडवता चावलं. कटकन आवाज झाला. त्यांनी गालावर हात दाबला आणि तळहातावर काहीतरी काढून पाहिलं. ती दाढेवरची टोपी होती.

"अगं, ऐकलंस का!" कादंबरीकाराने हाक मारली.

बायको काचेचं दार उघडून बाहेर आली. तिने टोपी पाहिली, मग प्राध्यापिकाबाईंच्या तोंडात डोकावली.

"आत या. खाली थोडं किडलंय, साफ करून परत बसवते. यंत्र नाही, हातानेच करावं लागेल. इंजेक्शन देते म्हणजे कळणार नाही."

"पण तुम्ही तर सगळं बांधून—"

"एका दाढेपुरतं सोडते. शेवटचा पेशंट अगदीच रिकाम्या हाताने कसा पाठवू?"

दार लागलं. कादंबरीकार क्षणभर तक्त्यासमोर बसून राहिला. पाहुणी वेदनेत आहे, आपण इथेच सभ्यपणे बसावं, असं त्याने स्वतःला बजावलं. मग तो उठला, मागच्या खोलीत गेला आणि कोऱ्या जागेसमोर पेन उघडून बसला. सवय काही दवाखान्याबरोबर बंद होत नाही.

आज भिंतीपलीकडे घरघर नव्हती. इंजेक्शन ठेवल्याचा आवाज आला, कापसाच्या बरणीचं झाकण उघडल्याचा आला. खुर्ची मागे कलल्याचा ओळखीचा उसासा आला. आणि मग, इतक्या वर्षांत पहिल्यांदा, त्याला बायकोचा कामातला आवाज ऐकू आला. हळू, गोड, गप्पा मारणारा. घरात हा आवाज त्याने क्वचितच ऐकला होता.

"दुखत नाही ना? छान. आता एक विचारू का, बाई? समजा, एखाद्या माणसाबरोबर तुम्ही सगळं आयुष्य काढलंय. आता तुम्हाला वर जायचंय आणि तो खालीच राहणार आहे. परत भेट नाही. उंबऱ्यात उभं राहून काय सांगाल त्याला?"

कादंबरीकाराने समोरच्या कोऱ्या जागेकडे पाहिलं.

पलीकडे अवजाराची खरखर तेवढी चालू होती.

"सांगा ना. मनात येईल ते. पण जरा मोठ्याने हं," बायको म्हणाली, "भिंतीपलीकडे ऐकू जायला हवं."

एकेक करून सगळं कादंबरीकाराच्या डोक्यात शिरायला लागलं. बर्फात वाट चुकलेला. मेलेला घोडा. रुसलेली मुलगी. दुसऱ्या खंडापासूनचा प्रत्येक नेमका शब्द. रात्री जुळवून ठेवलेली पानं. आपण सरस्वती समजून बसलो होतो, आणि ती तर मास्क लावून, मनगट दुखत असताना, एकेका पेशंटच्या तोंडात कापूस कोंबून त्याला डोंगरावर पाठवत होती. 'कापूस कोंबला की बडबडते' अशी गावात स्वतःची चेष्टा होऊ देत होती. त्याला रडू येत होतं आणि हसूही आवरत नव्हतं. बँकेतल्या साहेबांना हिरड्या साफ करताना तिने रक्ताच्या शपथेचं काय म्हणून विचारलं असेल!

प्राध्यापिकाबाई मात्र बोलल्या नाहीत. बायकोने आणखी एकदा विचारलं, तरी एक चकार शब्द नाही. टोपी बसली, खुर्ची सरळ झाली, चूळ भरल्याचा आवाज झाला.

कादंबरीकार बाहेर आला तेव्हा प्राध्यापिकाबाई तक्त्याची गुंडाळी करत होत्या. अर्धा चेहरा बधिर झाला होता आणि डोळे चमकत होते. त्यांनी ओठ मिटायचा प्रयत्न केला, तो फसला.

"आझं... आँ... झालं," त्या म्हणाल्या, आणि स्वतःचं बोलणं ऐकून थबकल्या. मग जबडा हाताने धरून, एकेक शब्द सावकाश जुळवत त्यांनी सांगितलं, ते असं: खुर्चीत बसल्यावर सगळं लक्षात आलं. शब्द जिभेवर अगदी आला होता. पण अभ्यासकाने अभ्यासाच्या भाषेत स्वतःचा शब्द घुसडू नये, तो गुन्हा आहे. म्हणून तोंड उघडं असून गप्प राहिले.

"मग... कोशात मूळ काय लिहिणार?" कादंबरीकाराने चाचरत विचारलं.

प्राध्यापिकाबाईंनी काचेच्या दाराकडे पाहिलं, मग छताकडे बोट दाखवून हवा विरळ असल्याची खूण केली आणि गालातल्या गालात, म्हणजे शुद्धीवर असलेल्या एका गालात, हसल्या. प्लास्टरचा जबडा त्यांनी जागेवर ठेवला आणि त्या गेल्या.

कादंबरीकार मागच्या खोलीत परत आला. शब्द मिळाला नाही, याचं दुःख आता नेमकं कुठे ठेवावं हे त्याला कळेना. बायकोकडे जाऊन काहीतरी बोलायला हवं होतं. काय बोलणार? इतकी वर्षं गावभरच्या लोकांची तोंडं त्याने कान देऊन ऐकली, आणि पलीकडे प्रश्न विचारणारी कोण, एवढं ऐकायचं त्याला कधी सुचलं नाही. याची त्याला मनापासून लाज वाटली. तो कोऱ्या जागेकडे बघत बसला.

पलीकडे नळ चालू झाला, बंद झाला. अवजारं खोक्यात पडली. काचेच्या दाराला आतून कडी लागली. आणि मग खुर्चीचा उसासा ऐकू आला.

कादंबरीकाराने मान वर केली. आता तर कोणी पेशंट उरला नव्हता.

कापसाच्या बरणीचं झाकण उघडलं. बराच वेळ काहीच झालं नाही. कुणीतरी सावकाश, बेताने, दोन्ही गालांत कापूस भरत असावं, अशी ती शांतता होती. मग भिंतीपलीकडून, भरल्या तोंडाने, मुद्दाम मोठ्याने, आवाज आला.

"एआँ झाआँ ठेआँय."

त्याला तो शब्द लावायला क्षणही लागला नाही. लग्न झाल्यापासून रोज सकाळी, भांडण असो वा ताप असो, खाली उतरताना उंबऱ्यात वळून ती हेच सांगत आली होती. तो खाली अडगळीत राजांची राज्यं उभी करत राहिला होता, आणि त्याच्या दुपारच्या भुकेची काळजी वर ताटाखाली झाकलेली असायची. ती स्वतः पेशंट संपतील तेव्हा, उभ्या-उभ्या काहीतरी खायची.

कोऱ्या जागेत त्याने तो शब्द लिहिला. राणी वळली, राजाला म्हणाली आणि गेली. पुढे एक अक्षर लिहायचं उरलं नव्हतं. समोरचं पान धूसर व्हायला लागलं म्हणून त्याने चष्मा काढला.

पलीकडे कापूस थुंकल्याचा आवाज झाला.

"ऐकू आलं का हो?" बायकोने विचारलं. या वेळी ऊ, ओ, प, म सगळे जागच्या जागी होते. "का परत म्हणू?"

कादंबरीकाराला खूप काही सांगायचं होतं. पुस्तक तुझंच आहे म्हणायचं होतं, मनगट दाखव म्हणायचं होतं. त्याने तोंड उघडलं, पण गळा असा दाटून आला की ओठ काही मिटेनात. जे बाहेर पडलं ते नुसतं "आँ... हाँआँ" असं काहीतरी होतं.

दुसऱ्या कुणाला त्यातलं ओ की ठो कळलं नसतं. पण भरल्या तोंडाचं बोलणं समजून घेण्यातच बायकोची हयात गेली होती.

"कळलं," ती भिंतीपलीकडून म्हणाली. "चला आता वर. आज दोघांचं झाकलंय."